होन विकायला काढू नका: किल्लेकरांच्या समूहाच्या चालकांना खुले पत्र

समूहाचे सर्व ॲडमिन आणि आपल्यातले लहानथोर किल्लेकर यांना,

सप्रेम नमस्कार.

दिवाळीचे मातीचे किल्ले करणाऱ्यांच्या आपल्या समूहात मदतीबद्दल जे गुण मिळतात, ते होन येत्या दिवाळीपासून विकत मिळणार, पाच होनांना ४९ रुपये, क्यूआर कोड स्कॅन केला की लगेच खात्यावर जमा. आणि वर्षभर न वापरलेले होन आपोआप बाद होणार, ही तुमची सूचना मी तीनदा वाचली. हे दोन्ही निर्णय मागे घ्या, एवढं सांगण्यासाठी पत्र लिहिते आहे. ग्रुपवरच चार ओळी टाकल्या असत्या, पण तिथं फोटोंचा एवढा पूर असतो की बोललेलं सगळं खाली वाहून जातं.

आधी माझी ओळख देते, कारण बरेच जण मला नुसत्या टोपणनावानं ओळखतात. मी बेळगावात वडगावला राहते. बावीस वर्षं झाली, एका सोसायटीची पिग्मी गोळा करते. दुपारी चारला बाहेर पडायचं, शहापूर, खासबाग करत दिवेलागणीनंतर वडगावात परत. भाजीवाली, पानपट्टीवाला, शिलाईवाले, मागवाले. कुणाचे दहा, कुणाचे वीस, कुणाचे पन्नास. पूर्वी कार्डावर आकडा मांडून सही करायची, आता हातातल्या मशीनमधून चिठ्ठी निघते. पिग्मी ही आमच्या कर्नाटकाचीच. १९२८ साली उडुपीत, पुढं सिंडिकेट बँक म्हणून नावारूपाला आलेल्या बँकेनं ती सुरू केली. दिवसाला दोन आणे, तेही घरी येऊन न्यायचे. ज्याच्या हातात एका वेळी मोठी रक्कम कधीच येत नाही, त्याच्याही नावावर काहीतरी साठावं, एवढाच त्यामागचा हिशेब. तुमची शिवराई-होनांची पद्धत मला पहिल्याच दिवशी ओळखीची वाटली ती यामुळं.

नव्यानं आलेल्यांना ती पद्धत नीट माहीत नसते म्हणून सांगते. कुणी अडचण विचारली, तुम्ही उत्तर दिलंत आणि विचारणाऱ्यानं किंवा करून बघणाऱ्यानं ‘कामाला आलं’ असं दाबलं, की तुमच्या खात्यावर वीस शिवराया पडतात. शंभर शिवरायांचा एक होन. पायाच्या विटांपासून झेंड्यापर्यंत एका किल्ल्याचे सगळे टप्पे फोटोंसह मांडले तर एक होन. खर्चायचे कशावर, तर दोन होनांत तुमचा किल्ला दिवसभर दर्शनी भागात राहतो, आणि पाच होनांत जाणता किल्लेकर तुम्हाला हव्या त्या गडाचा मापासह आराखडा काढून देतो. हे शेवटचं मला सगळ्यात मोलाचं वाटतं. आमच्या गल्लीतल्या पोरांनी आयुष्यात रायगड पाहिलेला नाही, पण त्याचा महादरवाजा कुठल्या अंगाला वळतो ते त्यांना आराखड्यामुळं कळतं.

नाव ठेवतानाही तुम्ही विचार केला होता. १६७४ साली राज्याभिषेक झाला आणि महाराजांच्या नावाचं नाणं आलं: सोन्याचा होन, तांब्याची शिवराई, एका बाजूला ‘श्री राजा शिव’ आणि दुसऱ्या बाजूला ‘छत्रपति’. सामान्य माणसाच्या हातात खेळली ती शिवराई. इंग्रजांचा अंमल आल्यावरही ती बाजारात बराच काळ चालत होती. आणि होन हा शब्द तर आमच्या भागाला फार जवळचा. कन्नडमध्ये सोन्याला ‘होन्नु’ म्हणतात, त्याचाच हा होन. स्वराज्याच्या नाण्याला कन्नड नाव होतं आणि त्यात कुणाला काही वावगं वाटत नव्हतं, ही गोष्ट मी इथल्या पोरांना मुद्दाम सांगते.

आता ज्याच्यामुळं हे पत्र लिहावं लागलं त्याच्याविषयी.

आमच्या गल्लीत नववीतला एक मुलगा आहे. घरात कन्नड, शाळा कन्नड माध्यमाची, गल्लीत मात्र सगळा व्यवहार मराठीत. मला अक्का म्हणतो. बेळगावात दिवाळीचा किल्ला ही काही एका घराची हौस नाही. गल्लीगल्लीत मंडळं आणि पोरं मिळून तो करतात, आणि ज्याच्या हाताला माती लागते तो आपला, मग घरी कुठली भाषा बोलतो ते कोण बघतंय. या मुलाच्या डोक्यात दोन वर्षांमागं राजगडाची संजीवनी माची भरली होती. ज्यांनी ती पाहिली आहे त्यांना ठाऊक आहे, तिथं तटाच्या आत तट आहे. मातीत ते करायचं म्हणजे बोटभर अंतर ठेवून दोन बारीक भिंती उभ्या करायच्या. पहिल्या दिवशी छान दिसतात. दुसऱ्या दिवशी ऊन लागलं की चिरा, तिसऱ्या दिवशी बाहेरची भिंत आडवी. गोणपाट भिजवून लावून झालं, शेण मिसळून झालं. गोणपाटानं भिंत जाड होते, मग दोन तटांमधली फट राहत नाही.

त्याच्या घरात माग आहे. मागाखाली तुटक्या सुताचा ढीग पडलेला असतो, तो कुणाच्याच उपयोगाचा नसतो. त्यानं ते सूत करंगळीएवढं कापलं, चाळलेल्या तांबड्या मातीत टाकलं आणि कणकेसारखं मळलं. तसं मळलेल्या मातीची भिंत दोन बोटं जाडीची उभी राहिली आणि भाऊबीज उलटून गेली तरी तिला चीर गेली नाही. मी रोज संध्याकाळी पिग्मीची फेरी संपवून येताना बॅटरीच्या उजेडात ती भिंत बघत होते. हात लावला तर आतले धागे जाणवायचे, टोकं थोडी बाहेर आलेली, रंग मातीत मिसळून गेलेला.

त्यानं हे ग्रुपवर लिहिलं, आपल्या मोडक्यातोडक्या मराठीत. सूत हा शब्द त्याला त्या वेळी आठवला नाही, त्यानं ‘नूलु घालायचं’ असं लिहिलं. खाली दहा जणांनी विचारलं, नूलु म्हणजे काय. तेव्हा सोलापूरच्या एका किल्लेकरानं उत्तर दिलं की आमच्या घरी तेलुगू बोलतात, आमच्याकडंही नूलूच, म्हणजे सूत. आणि आमच्याकडं तर त्याला तोटा नाही. मग नाशिकहून कुणीतरी करून बघितलं, कुणी कोकणातून काथ्या वापरून बघितला. पस्तीस जणांनी ‘कामाला आलं’ दाबलं. सात होन. त्यानं ते वहीच्या पुठ्ठ्याच्या आतल्या बाजूला लिहून ठेवले, तारखेसकट, आमच्या पिग्मी कार्डावर लिहितात तसे. सूत कालवायच्या युक्तीचे सात, मग आळीव कधी पेरायचा म्हणजे ऐन दिवाळीत हिरवळ येते त्याचं उत्तर, मग आपल्या किल्ल्याचे टप्पे, असं करत बारा झाले.

या बारा होनांतून त्याला राजहंसगडाचा आराखडा काढून घ्यायचा होता. येळ्ळूरचा राजहंसगड, आमच्या घराच्या गच्चीवरून पावसानंतरच्या स्वच्छ हवेत डोंगरावर दिसतो. रायगड, प्रतापगड, सिंधुदुर्ग सगळे करतात. आपल्या डोळ्यांसमोरचा गड कुणी करत नाही, त्यामुळं त्याची मापं कुणाकडं तयार नाहीत. त्याला तो करायचा होता.

गेल्या नवरात्रात नऊ दिवस तुम्ही चाचणी म्हणून होन विकले, आणि मागणी फार आली म्हणून आराखड्यांची रांग बोलीवर लावली. जो जास्त होन देईल त्याचं काम आधी. दुसऱ्याच दिवशी रांगेतल्या बोली साठावर गेल्या. याचे बारा होन तळाशी. आराखडा दिवाळीआधी मिळाला नाही, नंतरही नाही.

त्या संध्याकाळी मी त्याच्या घरी पिग्मी घ्यायला गेले होते. त्याची आई रोज वीस रुपये भरते. मशीनमधून चिठ्ठी निघेपर्यंत तो शेजारी उभा राहिला आणि हळूच म्हणाला, “अक्का, साठ होनांना किती होतात?” पाच होनांना ४९, म्हणजे साठांना ५८८. मी सांगितलं. त्यानं आईच्या हातातल्या चिठ्ठीकडं बघितलं. ५८८ म्हणजे तिची जवळजवळ महिन्याची पिग्मी, हे त्याला माझ्याआधी कळलं होतं. त्यानं मागितले नाहीत. दुसऱ्या दिवशी वहीचा पुठ्ठा बघितला तर प्रत्येक नोंदीपुढं त्यानं रुपये लिहिले होते. सूत कालवायच्या युक्तीपुढं ६८ रुपये ६० पैसे. एकूण बारा होनांपुढं ११७ रुपये ६० पैसे.

ॲडमिन मंडळी, माझं दुखणं इथं आहे. आराखडा मिळाला नाही याचं वाईट वाटलं, पण ते भरून येईल. पण त्या युक्तीची किंमत काल ‘पस्तीस लोकांच्या कामाला आली’ अशी होती, ती आज ६८ रुपये ६० पैसे झाली. तुम्ही होनाला रुपयाचा भाव लावलात, तो फक्त विकत घेणाऱ्यांच्या होनांना लागला नाही, ज्यांनी माती मळून मिळवले त्यांच्याही होनांना लागला. नवरात्रानंतर तो ग्रुपवर काही लिहीत नाही. विचारलं तर म्हणतो, एवढं लिहून वीस शिवराया, म्हणजे दोन रुपयेसुद्धा नाहीत. आधी त्याला कुणी सांगितलं असतं की दोन रुपये घे आणि अर्धा तास बसून मराठीत उत्तर लिही, तर तो हसला असता. तेव्हा तो फुकटच लिहीत होता आणि शिवराई ही त्याची पावती होती.

हे मोठमोठ्यांच्या बाबतीत घडून गेलं आहे. माझा भाचा इंजिनिअरिंगला आहे, त्यानं मला डायब्लो ३ या खेळाची गोष्ट सांगितली. ब्लिझार्ड कंपनीच्या या खेळात २०१२ साली खऱ्या पैशांनी वस्तू विकण्या-घेण्याचं लिलावघर उघडलं होतं. राक्षस मारून जे मिळवायचं ते लोक बाजारातून आणायला लागले. कंपनीला त्यातून वाटा मिळत होता, तरीही खेळाचा गाभाच यानं पोखरला जातो असं सांगून तिनं १८ मार्च २०१४ ला ते लिलावघर बंद केलं. एवढ्या मोठ्या कंपनीला उत्पन्न सोडावंसं वाटलं, तर आपला समूह दिवाळीच्या किल्ल्यांचा आहे, आपण त्या वाटेला मुळात जावंच कशाला?

तुमची बाजूही मला समजते. जुलै २०२५ मध्ये युनेस्कोनं रायगड, राजगड, प्रतापगड, पन्हाळ्यासह बारा किल्ले जागतिक वारशात घेतले, त्यातला जिंजी तर थेट तमिळनाडूतला. त्यानंतर आपल्याकडं माणसं लोटली. फोटो साठवायला जागा लागते, तिला पैसे पडतात आणि ते आजवर तुम्ही दोघा-तिघांनी खिशातून भरलेत. हे कुणी सांगितलं नाही, पण पैसे गोळा करणाऱ्या बाईला ते दिसतं. मग सरळ वर्गणी मागा. गल्लीतलं गणपती मंडळ मागतं तशी: पावती द्या, वर्षाचा खर्च आणि जमा फळ्यावर मांडतात तशी ग्रुपवर मांडा. मी पहिली ५०० रुपयांची पावती फाडते. पण वर्गणी देणाऱ्याला त्याबदल्यात होन नकोत. आमच्या मंडळात जास्त वर्गणी देणाऱ्याचं नाव फळ्यावर वर लिहितात, पण त्याच्या पोराला म्हणून कुणी स्पर्धेत पहिला नंबर देत नाही.

तुम्ही म्हणता की होन फार झाले, त्यांना किंमत राहिली नाही, म्हणून हे करावं लागलं. होन फार झाले हे खरं आहे, पण ते कुठून आले ते बघा. रोज ॲप उघडलं की हजेरीच्या पाच शिवराया मिळतात. कुणाच्याही फोटोखाली ‘खूप सुंदर’ लिहिलं की एक. मी मोजून बघितलं, एका गृहस्थांनी एका रात्रीत दोनशेच्या वर ‘खूप सुंदर’ लिहिले, त्यातले निम्मे फोटो त्यांनी उघडूनही बघितले नसतील. काही न करता येणाऱ्या या शिवराया बंद करा. नळ चालू ठेवून, वरून आणखी एक टँकर विकत आणून ओतायचा, यानं पूर ओसरत नाही.

अमेरिकेत वॉशिंग्टनच्या कॅपिटल हिल भागात १९७० च्या दशकात दीडेकशे कुटुंबांचा एकमेकांची मुलं सांभाळायचा संघ होता. दुसऱ्याचं मूल सांभाळलं की कुपन मिळायचं, आपलं मूल ठेवायचं असेल तर ते द्यायचं. कुपनं कमी पडली तेव्हा जो तो ती जपून ठेवू लागला, कुणी घराबाहेर पडेना, म्हणून कुणाला मूल सांभाळून कुपन मिळवायचीही संधी मिळेना. मग जादा कुपनं वाटली, गाडी सुरू झाली. पुढं ती इतकी झाली की सगळ्यांनाच बाहेर जायचं आणि सांभाळायला कुणी तयार नाही. अर्थशास्त्राच्या पुस्तकांत आजही हे उदाहरण देतात. मला त्यात महत्त्वाचं वाटतं ते हे की दुखणं कुपनं किती, याचं होतं आणि इलाज त्यातच होता. आपल्यालाही तेवढंच करायचं आहे. देणं थोडं आवळा, खर्चायला चांगल्या जागा वाढवा. आराखडे काढणारे पाचच जण आहेत, ते पंधरा होऊ देत. जुन्या किल्लेकरांनी रविवारी तासभर व्हिडिओ कॉलवर हात धरून शिकवावं आणि त्याचे तीन होन घ्यावेत. रांग मात्र ज्यानं आधी सांगितलं त्याची आधी. रेशनच्या दुकानात उभं राहिलेल्या कुणालाही हा न्याय समजावून सांगावा लागत नाही.

कायद्याचंही दोन वाक्यांत सांगते, कारण पैशाला हात लावला की तो येतोच. आपल्यातली निम्मी तरी पोरं अठराच्या आतली आहेत. १८७२ च्या करार कायद्यानुसार अज्ञान मुलाशी केलेला करार टिकत नाही, आणि २०२३ च्या वैयक्तिक माहितीच्या कायद्यात त्यांची माहिती घ्यायला आईबापांची खात्रीशीर संमती घ्यायची अट आहे. २०२५ च्या ऑनलाइन गेमिंगच्या कायद्यात पणाला लावायच्या गोष्टींत पैसे देऊन घेतलेली आभासी नाणी आणि टोकनही धरली आहेत. आपली किल्ल्यांची स्पर्धा जुगार नव्हे, पण ४९ रुपयांचे होन घेऊन पोरांनी बोली लावायची आणि हरायचं, ही सवय आपल्या हातून त्यांना लागू नये असं मला मनापासून वाटतं. आयकर खात्यानं ३० जून २०२२ ला थेट पैसे न घेता दिलेले बक्षीस-गुण आभासी मालमत्तेच्या बाहेर ठेवले. आजचे आपले होन त्याच प्रकारचे आहेत. ते तसेच राहू द्या.

आता बाद होण्याविषयी. किल्ल्याचं काम वर्षातून एकदा येतं. वडगावचं पोर दसऱ्याला जागं होतं, तुळशीच्या लग्नापर्यंत चिखलात असतं, मग परीक्षा, मग उन्हाळा, मग पाऊस. त्याला वर्षाची मुदत लावणं म्हणजे पेरणी झाल्या झाल्या खळं मागणं. एखाद्या वर्षी घरात कुणी वारलं, सुतक आलं, किल्ला झाला नाही, तर त्याचं सगळं साठवलेलं जाणार? आमच्या सोसायटीत मुदतीआधी पिग्मी मोडली तर व्याजाला कात्री लागते, पण मुद्दलाला हात लावायची कुणाची हिंमत नाही. बावीस वर्षांत माझ्या हातून गेलेल्या प्रत्येक दहा रुपयांचा हिशेब कुणीही मागावा, मी देईन. लोक मला दारातून आत घेतात ते त्याच्या जोरावर. ज्या दिवशी मी म्हणेन, “काकू, तुम्ही वर्षभर काढले नाहीत, आता ते तुमचे नाहीत,” त्या दिवसापासून ते दार बंद.

जाता जाता एक मागणं आणखी. ‘कामाला आलं’ मोजताना भाषा बघू नका. नवरात्रात कुणीतरी सुचवलं होतं की उत्तर शुद्ध मराठीत असेल तरच शिवराया द्याव्यात. आमच्याकडं निपाणीचा लिहील तसं खानापूरचा लिहिणार नाही, आणि वडगावचा मध्येच नूलु म्हणेल. त्यानं विचारणाऱ्याची भिंत उभी राहिली, एवढं पुरे.

नवरात्रात ज्यांनी होन विकत घेतले त्यांचे पैसे परत करा, किंवा त्यांना विचारून वर्गणीत वळते करा आणि तशी पावती द्या. त्यांच्यावर माझा राग नाही. ताट समोर मांडलं होतं, ते जेवले.

माझ्या खात्यावर आज ४१ होन आणि ६० शिवराया आहेत. बऱ्याचशा आळीव, नाचणी आणि परतीच्या पावसात किल्ला झाकायच्या उत्तरांच्या. येत्या रविवारी गल्लीतली सहा पोरं आणि मी राजहंसगडावर जातो आहोत. पन्नास फुटी टेप मागून घेतली आहे, तिचं एक टोक त्या मुलाच्या हातात असेल. तटाची, बुरुजांची, दरवाजाची जेवढी मापं मिळतील तेवढी संध्याकाळपर्यंत ग्रुपवर टाकू. त्यावरून नीट आराखडा कुणी काढून देणार असेल तर माझे पंचवीस होन त्याचे, आणि आराखडा सगळ्यांसाठी खुला राहील.

तुमचं उत्तर दसऱ्याच्या आत द्या. दसरा झाला की पोरं पोती घेऊन मातीला जातात, मग त्यांना थांबवून काही सांगता येत नाही.

तुमची,
वडगावची पिग्मीवाली अक्का